छत्तीस घरं, एकच पासवर्ड

३ जाने., शनि.
विसरवाडीच्या ढाबेवाल्या शेठचा सकाळपासून सातवा फोन. कॅमेरा दिसत नाही, पासवर्ड विसरला. मी इथे शहाद्याला दुकानात, तो तिकडे हायवेवर. एका पासवर्डसाठी अर्धा दिवस गाडी हाणायची? माझ्याच अ‍ॅपचा पासवर्ड फोनवर सांगून टाकला. त्यात माझ्या सगळ्या गिऱ्हाइकांचे कॅमेरे आहेत, छत्तीस घरं. म्हटलं, शेठ, फक्त आपलंच बघा. 'हाव हाव' म्हणाला. पासवर्ड उद्या बदलायचा.

११ जाने., रवि.
बदलला नाही. केळीच्या मळ्यांत कॅमेऱ्यांची कामं निघाली. बघू.

१५ जाने., गुरु.
संक्रांतीचे लाडू अजून डब्यात, आणि हे काय वाढून ठेवलं. मोबाइलवर सगळीकडे फिरणारा व्हिडिओ आला. प्रकाशा गावच्या पाटीलकाकांची ओसरी, कापसाचा ढीग, आणि खाली त्यांची लेक हेतल. फिट आलीय. त्यांचा सालदार गडी गोमा धावत येतो, तिचं डोकं मांडीवर घेतो, कांदा फोडून नाकाशी धरतो. काकू किंचाळतेय. सगळं स्वच्छ दिसतं. दिसणारच, खांबावर चढून मीच लावलेला कॅमेरा. कापूस चोरीला जाऊ नये म्हणून.
कापूस शाबूत आहे.

१७ जाने., शनि.
हेतलचं लग्न मोडलं. मुलाला तिने फिटचं आधीच सांगितलं होतं, त्याची तयारी होती. त्याच्या बापाची नाही. 'आते आख्खा समाजनी देखं,' म्हणाला म्हणे. म्हणजे फिट चालते, लोकांनी पाहिलेली चालत नाही. थू यांच्या जिंदगीवर.
आणि माझ्या?

१८ जाने., रवि.
अ‍ॅपमध्ये कोण कोण शिरलं त्याची यादी असते. इतकी वर्षं धंदा करतोय, आज पहिल्यांदा उघडली. तीन अनोळखी मोबाइल, गाव विसरवाडी. शेठला फोन लावला. 'मोबाइल गल्लावरच ऱ्हास, पासवर्ड बी त्यामाच. कोनी बी लेस. मन्हं काय?' वर हसला भडवा.
पासवर्ड आत्ता बदलला. वरातीमागून घोडं.

२० जाने., मंगळ.
काकांनी गोमाला हाकललं. तोरणमाळकडचा माणूस, अखाजीपर्यंत, म्हणजे अक्षय्यतृतीयेपर्यंत, सालाने ठरलेला. काकांच्या भाऊबंदांनी आधी मारलं. का, तर त्याच्या मोबाइलमध्ये कॅमेऱ्याचं अ‍ॅप होतं. मळ्यावर नजर राहावी म्हणून काकांनीच टाकायला लावलं होतं, मी टाकून दिलं होतं. ज्याने पोरीला सांभाळलं तोच चोर.
मारायच्या आधी काकांनी मला फोन करून विचारलं होतं. गोमा स्वतः व्हिडिओत आहे, मग त्यानेच काढला कसा? म्हटलं, अ‍ॅपमधून नंतरही काढता येतो.
येतोच. खोटं नाही बोललो मी. एवढंच बोललो, आणि त्याचा हात मोडला.

२१ जाने., बुध.
जेवताना बायकोला सगळं सांगितलं. ताट सरकवून म्हणाली, 'तुम्ही सांगी द्या. त्या गरीबनं काय चुकनं?'
म्हटलं, अगं, उद्या एक घर मला दारात उभं करणार नाही.
'नई तं नई.'
हिला बोलायला काय जातं. दुकान मला चालवायचंय. पण नंतर जेवण गेलं नाही, हेही खरं.

२४ जाने., शनि.
आज सांगायचंच, असं ठरवून प्रकाशाला गेलो. काकांनी तोंड उघडू दिलं नाही. 'बरं व्हयनं तू उना. नवा सालदार ठेवना शे. त्यानी खोलीवर बी एक कॅमेरा लाव. आते कोनावर भरोसा नई, फक्त तुन्हावर.'
आणि मी, हरामखोर, पिशवीतून ड्रिल काढलं.
हेतल पाणी घेऊन आली. निम्मी झालीय पोर. कॅमेऱ्याकडे पाठ करून उभी राहिली, हळूच म्हणाली, 'दादा, गोमाभाऊनी नई करं. त्याना मोबाइल फुटेल व्हता. दुरुस्तीले देवासाठी त्या आठवडाभर मन्हाजवळच पडेल व्हता. मी आबाले सांगं, आबा ऐकत नई.'
मी पाणी प्यायलो. तांब्या परत दिला तरी ती जाईना.
'मंग कोन्ही करं, दादा? तुमले तं यामधलं सगळं समजस.'
ड्रिल चालू केलं. भोक पडेपर्यंत ती तिथेच उभी होती.
वायर अपुरी पडली. उद्या परत जायचं आहे.