जात्याच्या चालीवर शिखर

माय, तू गेलीस त्याला कितीतरी पावसाळे झाले. मी म्हातारा झालो, तरी तुझ्यापुढे एक बढाई मारायची राहूनच गेली. तुझा मुलगा हिमालयात सिनेमा काढून आला. चढाई गोऱ्या साहेबांची होती. त्यांचा मुंबईचा कॅमेरावाला वाटेतच तापाने पडला आणि त्याचा मदतनीस म्हणून गेलेल्या माझ्या हातात कॅमेरा आला.

देवपूरच्या त्या धुरकट स्वयंपाकघरात तू मला भाकरीचं कळणं, ज्वारी-उडदाचं पीठ, दळायला जात्यापाशी समोर बसवायचीस. पोराला बाईचं काम लावलं म्हणून शेजारणी हसायच्या. मी कंटाळून खुंटा गरागरा फिरवतो आणि तू मनगटावर चापट मारतेस. "हयू फिराव रे. घाई करशी ते पीठ जाडं पडी." मग तू ओवी धरतेस आणि माझा हात आपोआप तिच्या मागे चालायला लागतो.

त्या कॅमेऱ्यालाही हाताने फिरवायचा दांडाच होता. पण त्याचं गणित उलटं: हात मंदावला की पडद्यावर माणसं माकडांसारखी पळतात, घाई झाली की चिखलातून चालल्यासारखी दिसतात. शेवटच्या दिवशी मी खिंडीत कॅमेरा रोवून उभा आहे. समोरच्या धारेवरून दोन ठिपके माथ्याकडे सरकताहेत. माझं चित्र बिघडलं तर ते पोचल्याला दुसरा पुरावा नाही. आणि माझा दम उखडलेला, हात कधी धावतो, कधी थबकतो. शेवटी मी तुझी ओवी धरली, फाटक्या आवाजात, मोठ्याने. शेजारी उभ्या डॉक्टरसाहेबांना वाटलं, विरळ हवेने याचं डोकं फिरलं. तिथे असा बरळणारा माणूस ताबडतोब खाली न्यावा लागतो. त्यांनी माझा दंड धरून ओढलं. मी कोपराने ढकललं, माय, साक्षात साहेबाला, आणि ओवी सोडली नाही. ठिपके माथ्यावर पोचले, त्यांनी हात वर केले, तोवर दांडा एका चालीने फिरत होता.

पुढे धुळ्यात, पांझरेच्या काठी, तंबूत तो सिनेमा लागला. बर्फ कुणी पाहिलेलं नव्हतं. माझ्या मागची एक म्हातारी पडद्यावरच्या साऱ्या पांढऱ्याकडे हात फिरवून नातीला सांगत होती, "बठ्ठा कापूसच शे." पण ते दोघे सावकाश, माणसांसारखे चालत माथ्यावर जाऊन उभे राहिले, तेव्हा अख्खा तंबू उठला. लोकांनी तेवढं रीळ पुन्हा लावायला लावलं. आनंदाने माझी छाती फुटायची बाकी होती. चित्र कुणी काढलं हे कुणीही विचारलं नव्हतं, तरी मी बाकावर चढलो आणि ओरडून सांगितलं, "हाई मी काढेल शे."

तू शेजारी असतीस तर सदरा ओढून खाली बसवलं असतंस. हा कागद कुठे धाडायचा नाही, म्हणून सांगतो: त्या बाकावरून मला उतरावंसंच वाटत नव्हतं.