अकरावा टेक

९ नोव्हेंबर, दुपारी तीन

प्रिय ताई,

नमस्कार. अक्षर ओळखून पत्र बाजूला ठेवावंसं वाटलं तर खुशाल ठेव, पण फाडू नकोस. भावोजींच्या गुडघ्याचं ऑपरेशन नीट पार पडलं असं मावशीकडून कळलं. त्यांना इतक्यात जिना चढू देऊ नकोस. ते ऐकायचे नाहीत, तरी सांगून ठेव. माझं म्हणशील तर साखर थोडी वाढली आहे, होते ते केसही चालले आहेत आणि स्टुडिओतला चहा अजून तसाच पांचट असतो.

एक बातमी आहे. इथली फिल्म सोसायटी दोन दिवस माझं काम दाखवणार आहे. ‘पस्तीस वर्षांची बहुरंगी वाटचाल’ असं छापणार म्हणे. यादी वाचून मलाच हसू आलं. एक भुताचा सिनेमा, दोन विनोदी, मुलांसाठी तो हरवलेल्या कासवाचा, एक कोर्टाची मालिका, एक पोलिसांची, साबणाच्या बावीस जाहिराती आणि सासूसुनांचे नऊशे भाग. बाबा असते तर म्हणाले असते, "एक ना धड, भाराभर चिंध्या!" तू मात्र भुताच्या सिनेमाला तिसऱ्या रांगेत बसून खिदळत होतीस. मध्यंतरात म्हणालीस, "धाकट्या, तुझं भूत अगदी आपल्या गणिताच्या मास्तरांसारखं चालतं की रे!" मी त्याला मुद्दाम तसंच चालवलं होतं. तुझ्याशिवाय कोणाला कळणार होतं ते? त्यानंतर जे काही केलं ते आधी तू पाहावंस असं वाटायचं. गेली नऊ वर्षं कोणासाठी करतो आहे तेच कळत नाही.

सोसायटीवाल्यांना माझ्या मालिकांमधला एकच भाग दाखवायचा आहे. कुठला, ते तू ओळखलं असशील. वडील जातात तो.

जाताना बाबा काय म्हणाले ते तू मला फोनवर सांगितलं होतंस. "कडी लावू नका, तो यायचाय." ते वाक्य मी चार महिन्यांनी जसंच्या तसं मालिकेतल्या म्हाताऱ्याच्या तोंडी घातलं. तुला विचारलं नाही. तू तो भाग शेजारणींबरोबर बसून पाहिलास. मग तुझं एका ओळीचं पोस्टकार्ड आलं : "तुझ्या मालिकेतला मुलगा वेळेवर पोचला." त्यानंतर तू माझा फोन कधी उचलला नाहीस. तुझं काही चुकलं असं मी म्हणणार नाही.

त्या शूटिंगबद्दल तुला काही सांगायचं आहे. या धंद्यात मला ‘एकटेक साहेब’ म्हणतात. पहिल्याच टेकला ओके म्हणायचं आणि पुढे सरकायचं, म्हणून तर मालिकावाले मला सोडत नाहीत. त्या दिवशी मी एकच शॉट अकरा वेळा घेतला. आमचे म्हातारे नट पलंगावर पडून ते वाक्य म्हणायचे, मान कलंडायची, मी कट म्हणायचो. आणि कट म्हटलं की ते उठून बसायचे, चष्मा मागायचे, "काय हो, जमलं का?" असं विचारायचे. कॅमेरामन कानाशी येऊन म्हणाला, "साहेब, दुसराच चांगला होता. आता कशाला?" मी म्हटलं, "आणखी एक." ताई, मला मरण्याचा शॉट नको होता गं. मला ते उठून बसणं हवं होतं. शेवटी ते नटच म्हणाले, "आता थकलो हो मी." मग थांबावं लागलं.

हे वाचून तुझं मन विरघळलं असेल तर जरा थांब. माणसांना रडवणं हा माझा धंदाच आहे. म्हणून राहिलेलंही सांगतो.

बाबा गेले त्या दिवशी सकाळी आठला तुझा फोन आला तेव्हा मी म्हणालो, शूटिंग आहे, संध्याकाळी निघतो. शूटिंग होतं, ते खोटं नव्हतं. पण नटीला ताप आला आणि साडेनऊला पॅकअप झालं. तिथून आपलं घर बसने चार तास. बाबा संध्याकाळी सहाला गेले. मी दिवसभर हॉटेलच्या खोलीत बूट घालून पलंगाच्या कडेला बसून होतो. दोनदा जिन्यापर्यंत गेलो आणि परत फिरलो. बाबांना तसं पाहायची माझी छाती झाली नाही. दुसरं काहीही कारण नव्हतं.

तू मात्र अजूनही सगळ्यांना सांगतेस की त्याला कामातून सुटता आलं नाही. मावशी परवाच बोलली. माझं तोंड पाहायला तयार नाहीस, तरी माझी बाजू घेतेस, आणि मी ती नऊ वर्षं घेऊ दिली.

तो भाग दाखवायचा की नाही हे माझी बहीण ठरवेल, असं मी सोसायटीला सांगितलं आहे. तू नको म्हणालीस तर नको. कार्यक्रमाला ये म्हणायची हिंमत नाही. तुझी आठवण येते, ताई, रोज येते. पण यापुढे लोकांना माझ्यासाठी खोटं सांगू नकोस. काय सांगायचं ते खाली सहीतच लिहिलं आहे.

तुझा,
त्या दिवशी मोकळा असलेला भाऊ