मजबूत खुर्ची

१७ ऑक्टोबर १९१६, मंगळवार. एडनडेल.
लग्नाला चार महिने झाले. निश्चय : नवऱ्याच्या कामात नाक खुपसायचं नाही. ऑर्विल विनोदी मूकपटांत काम करतो. मी पाहिलेलं नाही. आमच्या चर्चला सिनेमाचा पडदा वर्ज्य. काम बैठं असावं, रोज खुर्ची लागते म्हणतो. पाठ मात्र काळीनिळी. कंपनीची खुर्चीच भिकार असणार.

१९, गुरुवार.
नाक खुपसलं नाही. घरामागच्या शेडचं दार उघडंच होतं. आत नवी खुर्ची, पावासारखी हलकी. चारही पाय करवतीने अर्धे कापून वर मेण आणि रंग! कुणीतरी ऑर्विलला फसवलंय. बोलले नाही, बिचाऱ्याचं मन मोडेल.

२०, शुक्रवार.
सकाळी दुरुस्ती. गोंद, आतून ओकच्या पट्ट्या, बाबांच्या पेटीतले सोळा स्क्रू. नवीन खर्च शून्य. प्रार्थना केली, ही खुर्ची माझ्या नवऱ्याला सांभाळो.
दुपारी शेजारचा क्लॅरेन्स आला. कंपनीत दुष्टाची कामं करतो, वजन तीनशे पौंड. म्हणाला, "वहिनी, उद्या तुमच्या नवऱ्याची खुर्ची फोडणार!" मी म्हटलं, फोडून दाखवा. "त्याच्याच डोक्यावर!" म्हणाला, आणि खुर्ची एका बोटावर लटकवून घेऊन गेला. थट्टेची सवय आहे त्याला.
 

२१, शनिवार.
काम टेकडीच्या रस्त्यावर होतं. रस्ता म्हणजे काही पडदा नव्हे, म्हणून गेले. क्लॅरेन्सने खुर्ची उचलली. लोक आधीच हसत होते. लाकूड मोडल्याचा आवाज आलाच नाही. ऑर्विल पडला तो उठेना. लोक आणखी हसले. कॅमेरावाला हँडल फिरवतच होता.
चौघांनी त्याला त्याच खुर्चीत बसवून घरी आणलं. कुरकुरलीसुद्धा नाही.

२२, रविवार.
आठ टाके. डॉक्टर म्हणाले, दुसरा फटका बसता कामा नये. डायरेक्टरचा निरोप : पडणं फार खरं वाटलं, उद्या पुन्हा, खुर्ची तीच. ऑर्विल हो म्हणाला. "मी दिलेला काप उथळ पडला, चूक माझीच. एका फटक्याने खिळखिळी झाली असेल, उद्या नक्की फुटेल." मी उशी सारखी केली. आजाऱ्याला त्रास देऊ नये.
रविवारी हत्याराला हात लावायचा नाही. लावला. गोंद दगडासारखा, एक स्क्रू हलेना. हातोडी घेतली. आतून हाक आली, "हेटी, कोण ठोकतंय?"
म्हटलं, मी.
भिंत धरत आला. स्क्रू पाहिले, सोळाही मोजले. मग खुर्चीवर बसला. म्हणाला, "बाई गं, केलीस मात्र झकास."
खुर्ची आता स्वयंपाकघरात आहे. शेडला कुलूप. किल्ली क्लॅरेन्सकडे.