लेखकाचं मन बदललं तो शेवट

बाबा, कारंजाच्या टॉकीजमध्ये तुम्ही चालवलेला तो लेखकाचा सिनेमा परवा माझ्या टेबलावर आला. जुन्या फिल्म स्कॅन करून दुरुस्त करणं हे आता माझं काम आहे. सिनेमा स्वस्तातला. डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ओळही न सुचणारा लेखक समोरच्या घरातल्या बाईच्या मागे लागतो. कादंबरीचं शेवटचं पान लिहायला त्याला तिचा मृत्यू पाहायचा असतो. दोन ठिकाणी फ्रेममध्ये माइक लोंबतो. तरी रीळ फिरू लागलं आणि मी आठ वर्षांची होऊन तुमच्या प्रोजेक्टरच्या केबिनमधल्या स्टुलावर बसले. मशीन ऊब सोडतं आहे, शेजारच्या जिनिंग गिरणीतून आलेले कापसाचे तंतू उजेडाच्या झोतात संथ तरंगत आहेत, आणि खाली पडद्यावर ती बाई अंगणात केस वाळवते आहे.

पहिल्या दिवशी शेवटाआधीच तुम्ही मला घरी पाठवलंत. जेवताना मी विचारलं, "तो तिले मारते का?" तुम्ही भाकर मोडत राहिलात. आई म्हणाली, "पोरीले काहून नेता असल्या सिनेमाले?" दुसऱ्या दिवशी मी शेवटपर्यंत बसले. लेखक सुरा उचलतो, आणि लगेच ती बाई एसटीच्या खिडकीशी, तोंडावर ऊन घेत, निघालेली. खालून ओरडा झाला, "ओ ऑपरेटर, खून कोनं खाल्ला बे?" मालक धापा टाकत जिना चढून आले. "लोक तेच तर पाहाले येतात! काहून कापलं?" तुम्ही म्हणालात, "तुटलं, शेठ." मग माझ्याकडे वळून, "लेखकाचं मन बदललं." कितीतरी वर्षं मी ते खरं मानलं.

माझ्याकडे आलेली प्रिंट तीच आहे. एसटीचा तुकडा तुम्ही याच सिनेमाच्या आधीच्या रिळातून काढून शेवटी लावलात. जोड किंचित तिरका, तुमचे सगळेच जोड तसे असत. आता दुसऱ्या एका प्रिंटमध्ये खुनाचा प्रसंग सापडला आहे. सिनेमा जसा बनला तसाच परत द्यायचा, कुणाला हवा तसा नाही, हे मी इतरांना ठामपणे सांगत आले. तरी दोन दिवस त्या प्रसंगाची फाइल उघडली नाही. जोडला की ती बाई मरणार, आणि मारणारी मी.

हे पत्र कुठे जाणार नाही, म्हणून लिहिते. एसटीचा तुकडा त्याच्या जागी परत नेला. खुनाचा आज जोडला. अहवालात 'सर्व फ्रेम तपासल्या' असं लिहून सही केली. तो तुकडा मी नुसत्या फ्रेमच्या आकड्यांवरून जोडला, बाबा. चित्राची स्क्रीन बंद होती.