तेरवीचं आवतन

प्रिय गौरांग,

फोन केला असता तर तू अकोल्याहून तडक गाडी काढली असतीस, म्हणून हे पत्र. तुझ्या बायकोने, श्रावणीने मागितलेल्या लिंबाच्या लोणच्याबरोबर बंडूच्या हाती पाठवतेय. माझा हा कारकून कोर्टाची तारीख विसरेल, लोणचं विसरायचा नाही.

देवीदासची फाशी मी नागपूरच्या हायकोर्टात रद्द करवून जन्मठेपेवर आणली. तेव्हा तू विचारलंस, आपल्या घरातलं कोणी मेलं असतं तर? पोराला वकील केलं की हे असं ऐकावं लागतं! प्रश्न मात्र मनात ठाण मांडून बसला. चंद्रभानभाऊंच्या लेकीला, प्रतीक्षाला, देवीदासनेच मारलं, हे मी कधी नाकारलं नाही. फास नको, एवढंच माझं म्हणणं. आजवर प्रत्येक खटल्यात तेच.

परवा चंद्रभानभाऊ घरी आले. शेंदूरजनाघाटला त्यांची संत्र्याची बाग आहे, ती पोर तिथेच सापडली होती. देवीदास लटकेपर्यंत लेकीची तेरवी करणार नाही, दाढीला वस्तरा लावणार नाही, अशी शपथ घेतलेला हा बाप. मी पाणी पुढे केलं, त्यांनी तांब्याला हात लावला नाही. म्हणाले, "आता तेरवी करून टाकतो म्हंतो. तुमी जेवाले या, बाई. बागेतच पंगत हाये. एकट्याच या." इतक्या मऊ आवाजात, की माझ्या अंगावर काटा आला. दाढी तशीच होती, छातीपर्यंत.

बंडूची सासुरवाडी तिथलीच. त्याने चौकशी केली. गावात दुसऱ्या कोणालाच आवतन नाही. आचारी सांगितलेला नाही, भटजीही नाही. "बाईसाहेब, जाऊ नोका," म्हणून बिचारा हातापाया पडला.

मला भीती वाटतेय, गौरांग. सकाळपासून दोनदा चहा केला आणि दोन्हीदा ओतून दिला. पण फाशीच्या कैद्यांच्या आयांकडे मी हक्काने जेवत आले. मेलेल्याच्या घरचं हे पहिलंच बोलावणं. आणि ज्याने अजून काही केलेलंच नाही, त्याला पोलिसांत जाऊन मी आधीच खुनी ठरवू? कदाचित त्या बापाला नुसतं माझ्यासमोर बसून रडायचं असेल.

आता निघते. संध्याकाळी माझा फोन आला, तर हे पत्र फाडून टाक आणि मला खुशाल म्हातारचळ लागलाय म्हण. नाही आला, तर तुझ्या प्रश्नाचं उत्तर हे. लोक मोर्चा काढतील, तुझ्या हातात माइक देतील, चंद्रभानला लटकवा म्हणायला लावतील. तू म्हणू नकोस. सोबत कोरं वकीलपत्र ठेवलंय. त्यावर त्यांची सही घे आणि त्यांच्या बाजूने उभा राहा. भेटशील तेव्हा आधी पाणी दे त्यांना. माझ्या हातचं त्यांनी घेतलं नव्हतं.

तुझीच,
आई