चाळणीत सापडलेला दात

१४ जानेवारी, सोमवार

वही, रागावू नकोस. भातकापणीनंतर तुला हात लावला नाही. डोळ्यांचं निमित्त सांगतो, पण खरं कारण आळस. आज मात्र लिहिल्याशिवाय राहवत नाही. अमेरिकन आमच्या शेतात आलेत!

सकाळी हेलिकॉप्टर आलं. पन्नास वर्षं झाली, तरी तो आवाज कानावर पडला की माझे पाय आधी पळतात आणि डोकं मागून येतं. मी डुकरांच्या खोपटात शिरून बसलो. लातसमी – माझी धाकटी लेक, नवरा गेल्यापासून माझ्याकडेच असते – दारात उभी राहून हसत होती. "बाबा, बाहेर या. डुकरीण अवघडलीय."

मग मठाच्या अंगणात गावप्रमुख सोमनुकनं सगळ्यांना बोलावलं. पन्नास वर्षांपूर्वी लाओसावर बॉम्ब टाकायला आलेलं त्यांचं एक विमान आमच्या डोंगरउतारावर पडलं होतं, वैमानिक सापडला नव्हता, त्याची हाडं शोधायला आलेत म्हणे. चाळीस माणसं, तंबू, वीज करायचं यंत्र, पाण्याचे पिंप.

एका माणसासाठी? इतक्या वर्षांनी? मला नाही पटत.

१५ जानेवारी, मंगळवार

लोखंड? सोनं? की त्या विमानात असं काही होतं जे अजूनही कुणी पाहू नये?

१८ जानेवारी, शुक्रवार

खणण्याआधी जागा साफ करावी लागते. बॉम्बी, म्हणजे तेव्हा न फुटता मातीत राहिलेले छोटे बॉम्ब, शोधणारी टोळी आली. चार दिवसांत सव्वीस निघाले – पेरूएवढे गोळे, एकेक कुणाचा तरी हात किंवा डोळे घ्यायला टपलेला. दुपारी कर्णा वाजतो, मग धाडकन् आवाज, मग कोंबड्या तासभर ओरडतात.

हेच शेत साफ करा म्हणून माझा अर्ज जिल्हा कचेरीत नऊ वर्षं पडून आहे. नऊ! दर वर्षी मी कुदळ हलक्या हातानं मारतो, जमिनीला गुदगुल्या केल्यासारखी.

सोमनुकला म्हटलं, "त्यांच्या मेलेल्याच्या पायाला लागू नये म्हणून झालं वाटतं एवढ्या लवकर."

तो म्हणाला, "सियांग, फुकटात शेत साफ झालं ना? मग तोंड कशाला वाकडं करतोस?"

(लहानपणी मठात शिकाऊ भिक्षू होतो, म्हणून गाव मला अजून सियांगच म्हणतं. शिकणं अर्धं राहिलं. तो मठच राहिला नाही, आत्ताचा लढाईनंतर बांधलेला.)

शेत कुठं साफ झालं? त्यांनी दोऱ्या बांधल्यात, तेवढंच. दोरीपासून हातभर अंतरावर आमची मिरची आहे. तिथं कुणी यंत्र फिरवलं नाही. मी विचारलं तर टोळीतला पोरगा म्हणाला, "काका, आमच्या नकाशात तेवढंच आहे."

२१ जानेवारी, सोमवार

लातसमी त्यांच्या कामावर जायला लागली. मला विचारलंही नाही. गावातल्या वीस बायका आहेत. बादलीतून माती हातोहात वर येते, टांगलेल्या चाळण्यांवर ओततात, आणि ह्या बायका बोटांनी ढेकळं फोडत बसतात.

"काय शोधता?"

"हाड, दात, बटण, काहीही."

"आणि ते काय शोधतात?"

"तेच की, बाबा! तुम्हाला हसरा माणूस दिसला की त्याच्या पाठीमागे काय लपवलंय तेच आधी दिसतं."

हो. दिसतं. हसऱ्या माणसांनी टाकलेलं मी पाहिलंय.

२५ जानेवारी, शुक्रवार

आज स्वतः जाऊन आलो. एक उंच बाई आहे, बायका तिला हाडांची डॉक्टरीण म्हणतात. जमिनीवर पालथी पडून ब्रशनं माती झाडते. आमची लातसमीही ओटा एवढ्या मायेनं झाडत नाही! दुभाषा राजधानीचा, आनूसोन नावाचा, बूट चकचकीत. त्यानं विचारलं, "आजोबा, विमान पडताना तुम्ही पाहिलंत?"

मी म्हटलं, "मी मठात होतो. काही पाहिलं नाही."

खोटं बोललो. विमान पडताना पाहिलं नाही हे खरं. पण काही पाहिलं नाही हे खोटं.

वही, तुला सांगतो. अजून कुणाला सांगितलेलं नाही. त्यांच्या दोऱ्यांचे चौकोन उताराने खाली सरकताहेत, आणि खाली फेंग आहे. माझी बहीण. सहा वर्षांची होती, मी पंधराचा. दिवसा आम्ही गुहेत राहायचो, अंधारात शेती करायचो. त्या दिवशी आईबरोबर ती बांबूचे कोंब खुडायला बाहेर पडली. ढग होते, म्हणून वाटलं विमानं येणार नाहीत. आई परत आली.

असं मरण आलेल्याला आम्ही जाळत नाही. लगेच पुरायचं, वर खूण करायची नाही, नाव घ्यायचं नाही – नाहीतर जीव तिथंच घुटमळतो. बाबांनी आणि मी पुरलं. मोठ्या दगडापासून उंबराकडे बावीस पावलं. उंबर पुढं तोडला, शेत केलं. दगड आहे. पण ती बावीस पावलं पंधरा वर्षांच्या पोराची. आज मी चालून पाहिलं. दर वेळी वेगळ्या जागी पोचतो.

आणि तिथं आम्ही भात पेरतो. खातो. गावाला कळलं तर काय म्हणतील?

२९ जानेवारी, मंगळवार

आणखी दोन चौकोन खाली.

२ फेब्रुवारी, शनिवार

सोमनुककडे गेलो. सरळ बोलायचं धाडस झालं नाही. म्हटलं, "त्या उतारावर आपलीही माणसं असतील."

"असतील ना. कुठल्या उतारावर नाहीत?"

"मग त्यांनी आपलं हाड त्यांचं म्हणून नेलं तर?"

तो इतका हसला की दारूचा पेला हिंदकळला. "सियांग, त्यांचा माणूस सहा फुटी. तुझ्यामाझ्यासारखी कोंबडीची हाडं घेऊन काय करतील?" मग जरा गंभीर होऊन म्हणाला, "काही बोलायचं असेल तर लेखी दे. मी जिल्ह्याला पाठवतो, जिल्हा प्रांताला, प्रांत राजधानीला. पण पन्नास वर्षं गप्प राहून आज बोललास तर लोक म्हणतील, म्हाताऱ्याला काहीतरी हवंय."

लेखी! नऊ वर्षांचा अर्ज तिथं एकटा पडलाय, त्याला सोबत होईल.

घरी येताना एक आठवलं. शहरातल्या प्रदर्शनात एका गुरुजींनी वाचून दाखवलं होतं – आमच्यावर विमानं येत होती तेव्हा ह्यांचं सरकार आपल्याच लोकांना सांगत होतं की लाओसात आमची लढाईच नाही. आणि इतर ठिकाणी न टाकलेले बॉम्ब घेऊन परत उतरायला नको म्हणूनही आमच्यावर रिकामे करत. ज्यांनी लढाईच नाही म्हटलं, ते 'हा दात आमचा' म्हणतील तेव्हा मी विश्वास ठेवायचा?

६ फेब्रुवारी, बुधवार

दात सापडला.

लातसमी आली ती नाचतच. तिच्या शेजारणीच्या चाळणीत सापडला. अमेरिकनांनी टोप्या काढल्या, सगळे गप्प उभे राहिले, मग टाळ्या. डॉक्टरीणबाईच्या डोळ्यांत पाणी होतं म्हणे. छोट्या पिशवीत घातला, वर आकडा लिहिला.

मी विचारलं, "केवढा होता?"

तिनं करंगळीचं नख दाखवलं. "लहान होता, बाबा. एवढासाच."

भाताचा घास हातातच राहिला. वाटीतली चटणी ती पुसून खात होती, मी भिंतीकडे बघत होतो.

त्या पावसाळ्यात फेंगचे खालचे दोन दात पडले होते. खालचा दात छपरावर फेकतात. गुहेला कुठलं छप्पर? ती रडायला लागली. मी तिला खांद्यावर घेऊन जळक्या घराकडे गेलो, उरलेल्या दोन वाशांवर दोन्ही दात फेकले. म्हटलं, नवे उंदरासारखे येतील.

नवे यायचे राहिले. बाकीचे तिच्या तोंडात होते.

७ फेब्रुवारी, गुरुवार

डॉक्टरीणबाईला भेटलो. आनूसोन मध्ये.

मी म्हटलं, "तो दात कुणाचा?"

ती बराच वेळ बोलली. आनूसोन म्हणाला, "इथं सांगता येत नाही."

"एवढंच बोलली ती?"

"आजोबा, मतलब तोच."

मतलब! मी मठात पोथ्या वाचल्यात, लांब बोलण्याचा मतलब एवढा आखूड नसतो. पुन्हा विचारलं. मग त्यानं तोंड वाकडं करत सांगितलं – दात त्यांच्या प्रयोगशाळेत जाईल, हवाई नावाच्या बेटावर, तिथं ठरेल. त्यांचा नसला तर सरकारमार्फत परत. किती दिवसांत? वर्ष, कदाचित दोन.

"मेला इथं, पुरला इथं, आणि कुणाचा ते बेटावर ठरणार?"

आनूसोननं हे भाषांतर केलं नाही. तो आपल्या बुटांकडे बघत राहिला, त्यावरून कळलं.

मीही फेंगचं नाव घेतलं नाही.

९ फेब्रुवारी, शनिवार

उद्या ते जाणार. आज त्यांनी पेटी तयार केली. काळी, चौकोनी. हेलिकॉप्टरनं राजधानीला, तिथं पेटीवर त्यांचा झेंडा पांघरून सलामी देणार, मग विमानात. सोमनुकला भाषण करायला बोलावलंय, तो सकाळपासून कॉलर इस्त्री करतोय.

ज्या झेंड्याचं विमान आलं, त्याच झेंड्याखाली माझी बहीण जाणार. सलामी घेऊन!

लातसमीला सगळं सांगितलं. मिरच्या निवडत होती. मग हात थांबले. तिनं तळवे उलटसुलट करून पाहिले.

"बाबा, मी आत्याला चाळलं?"

मी खाली पडलेली मिरची उचलून सुपात टाकली.

"आणि मी टाळ्या वाजवल्या." मग एकदम उसळली. "पन्नास वर्षं! आईला सांगितलं नाहीत, मला नाही. त्या शेतात मी पोरांना पाठीशी बांधून रोपं लावली! तुम्ही त्यांना लबाड म्हणता, आणि तुम्ही कोण?"



१० फेब्रुवारी, रविवार

ती मला दंडाला धरून घेऊन गेली. हेलिकॉप्टरचं पातं फिरायच्या आत. माझे पाय उलटे पळू बघत होते, तिनं सोडलं नाही.

आनूसोन मध्ये आला तर म्हणाली, "दादा, आज शब्दन् शब्द सांगायचा. नाहीतर मी इथंच आडवी होते."

मी सांगितलं. गुहा, ढग, उंबर, बावीस पावलं, खालचे दोन दात. नाव घेतलं. वारा थांबेल असं वाटलं होतं. तसं काही झालं नाही.

डॉक्टरीणबाई खाली बसली, मातीतच. तिनं पेटी उघडून पिशवी काढली. दाखवली. खरंच एवढासाच. मग कापसाची एक काडी आणली, माझ्या गालाच्या आतून फिरवली. आता ह्या थुंकीचं काय करतील, कुठं कुठं नोंदवतील, देव जाणे. पण तोंड उघडलं. तिनं पेन दिलं. आकड्याखाली मी स्वतःच्या हातानं लिहिलं – फेंग.

आनूसोन म्हणाला, "ती म्हणतेय, दात लहान मुलाचा आहे हे तिला पहिल्याच दिवशी दिसलं होतं. पण त्या चौकोनांतून जे निघेल ते सगळं तपासायला न्यावंच लागतं." मग म्हणाला, "ती म्हणतेय, मला वाईट वाटतं."

पहिल्याच दिवशी! मग टाळ्या कशाला वाजवू दिल्या?

१५ एप्रिल, सोमवार

आमचं नवं वर्ष. पोरांनी अंगावर पाणी ओतलं. लातसमीनं मनगटाला पांढरा दोरा बांधला, भरकटलेले जीव घरी या म्हणाली. फेंगचं नाव मोठ्यानं घेतलं. गावात आता सगळ्यांना ठाऊक आहे. कुणी काही म्हणालं नाही. फक्त शेजारची म्हातारी केसोन माझ्याकडे बघत राहिली.

शेत पेरलं नाही.

३ जुलै, बुधवार

काही नाही.

२७ सप्टेंबर, शुक्रवार

काही नाही. ठेवून घेतला असेल. त्यांच्या वैमानिकाच्या नावानं कुठंतरी पुरला असेल, वर पांढरा दगड, फुलं. मला माहीतच होतं.

२१ नोव्हेंबर, गुरुवार

पत्र आलं. मठाच्या अंगणात सोमनुकनं वाचलं. दात सात-आठ वर्षांच्या मुलाचा. वैमानिकाचा नाही. माझ्या रक्ताचाही नाही.

आधी वाटलं, पुन्हा खोटं. मग केसोन उठली. म्हणाली, "माझा थोंगवान आठ वर्षांचा होता. त्याच उतारावर. मीही कधी सांगितलं नाही." तिचं होईपर्यंत मागून आणखी एक उठला. अंधार पडायच्या आत चार घरांची माणसं माझ्या ओट्यावर येऊन बसली. चौघांचंही एकच – आमचा असेल.

फेंग अजून शेतातच आहे. आणि मी दुसऱ्याच्या लेकरावर तिचं नाव लिहून ठेवलंय.

डॉक्टरीणबाई, तुम्हाला लाओ वाचता येत नाही. उद्या हेच कागदावर लिहून चौघांच्या अंगठ्यांसह धाडतो. चार काड्या पाठवा. केसोन ब्याऐंशीची आहे, डोळे जात चाललेत. लवकर कळवा. फार लवकर.