बाबांनी न म्हटलेलं वाक्य

कोल्हापूर,
बुधवार, २० एप्रिल २००५

प्रिय प्रसेन,

हे पत्र कुरिअरनं पाठवतेय, म्हणजे शुक्रवारपर्यंत तुला पुण्यात मिळेल. फोनच केला असता, पण फोन पुढच्या खोलीत आहे आणि तू कधी निघतोस ते कळवशील म्हणून आई शनिवारपासून त्याच्याशेजारी ठाण मांडून बसली आहे. तिच्यासमोर हे बोलता येणार नाही. तिनं मनालीसाठी दोन मापांचे दोन फ्रॉक आणलेत, कारण नात केवढी झाली आहे तेच तिला ठाऊक नाही. तेजस्वीसाठी साडी आणली आहे. तिच्याबरोबर दुकानं मीच फिरले, रंग मीच निवडले, आणि मला काही वाटलं नाही. दाताच्या डॉक्टरनं सुई दिल्यावर गाल आपलाच असून आपला वाटत नाही, तसं माझं दीड महिना चाललंय. जेवते, कॉलेजला जाते, शिकवते, परत येते.

पहिल्यापासून सांगते, कारण आईनं तुला अर्धंच सांगितलंय. मार्चच्या सुरुवातीला सकाळी बाबा पेपर वाचत बसले होते. त्यांनी मला हाक मारली, ती 'संघा' अशी न येता भलतीच काहीतरी आली. उजवा हात जड पडला होता. रिक्षा बोलावून दवाखान्यात नेलं. हात आठवड्याभरात सुधारला. बोलणंही आलं. एखादा शब्द उलटापालटा होतो, पण बोलतात, सगळं समजतं, बातम्या वाचून चिडतात, म्हणजे बरेच आहेत म्हणायचे. एकच गोष्ट गेली. दुसऱ्यानं म्हटलेलं त्याच्यामागून म्हणता येत नाही. डॉक्टर म्हणाले, म्हणा, 'आज पाऊस येणार आहे.' बाबा 'आज पास', 'पावश', 'पासू' असे तीन-चारदा ठेचकाळले आणि वैतागून म्हणाले, 'छत्री घिऊन जा की मग.' डॉक्टर हसले. मीही हसले असेन.

हेच मी इतकी वर्षं ॲनाटॉमीच्या वर्गात शिकवत आले आहे. डाव्या मेंदूत कानाच्या अंगाला ऐकलेलं समजून घेणारी जागा असते, आणि पुढं कपाळाकडं बोलण्याची जुळणी करणारी. या दोन जागांना जोडणारे पांढरे तंतू कमानीसारखे वळून जातात, त्यांना आर्क्युएट फॅसिक्युलस म्हणतात. आर्क्युएट म्हणजे धनुष्यासारखं वाकलेलं, फॅसिक्युलस म्हणजे लहानशी मोळी. शिरोळकडची पोरं वर्गात असली की मी उसाच्या मोळीचं नाव घेते, त्यांना पटकन कळतं. मेंदू गोठवून पुन्हा वितळू दिला की तंतू सुटे होतात, मग चपट्या लाकडी काडीनं वरचा थर खरवडत गेलं की ती कमान हाताखाली येते. परीक्षेत दोन मार्कांना विचारतात. मोळी तुटली तर माणसाला समजतं, बोलता येतं, पण ऐकलेलं जसंच्या तसं म्हणता येत नाही, हे पुस्तकातलं उत्तर. आमचे न्यूरॉलॉजिस्ट म्हणाले की यावर हल्ली वाद आहे, एकट्या मोळीवर सगळा दोष टाकता येत नाही. पण बाबांच्या स्कॅनच्या फिल्मवर डाग त्याच वाटेवर होता. मी फिल्म उजेडाला धरली, आधी ते नाव मनात आलं, आणि हा आपल्या बापाचा मेंदू आहे हे नंतर आलं. तेव्हापासून मी अशी आहे.

आईला डॉक्टरांचं बाकी काही कळलं नाही. 'मागून म्हणता येत नाही' एवढं मात्र कळलं, आणि तुझं लग्न तिच्या डोळ्यांसमोर उभं राहिलं. तुला ते आठवायला आवडणार नाही, पण मला लिहावंच लागेल. बाबा आठवडाभर एसटी स्टँडावर नियंत्रक, माइकवरून गगनबावड्याची गाडी कुठल्या फलाटाला लागली ते ओरडून सांगणारे, आणि रविवारी वस्तीतले बौद्धाचार्य. नवरा-नवरीच्या प्रतिज्ञा झाल्या की ते दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांना उभं करायचे आणि एक वाक्य म्हणवून घ्यायचे: 'आजपासून ही दोन घरं एक.' ते कुठल्या पुस्तकात नाही. बाबांनीच काढलं, आणि आपल्याकडं ते असं रुळलं की त्याशिवाय लग्न लागलं असं कुणी मानेना. तुझ्या लग्नात बाबा स्वतःच वरबाप, म्हणून ते म्हणवून घ्यायला धोंडीरामकाका उभे होते. तेजस्वीचे वडील हंबीरराव आलेच नव्हते, पन्हाळ्याकडून एकटी तिची मावशी झुंबरबाई आली होती. तिनं ते खणखणीत म्हटलं. मग बाबांची पाळी. बाबा गप्प. काकांनी पुन्हा म्हटलं, जरा मोठ्यानं. बाबा स्टेजवरून उतरले आणि मंडपाबाहेर गेले. आपल्याच तोंडचं वाक्य त्यांनी आपल्याच मुलाच्या लग्नात म्हटलं नाही. तेजस्वी हार घालून उभी होती, तिच्याकडं बघवत नव्हतं. मराठ्याची मुलगी केली म्हणून बाप असा वागला असं तू धरलंस, त्याच संध्याकाळी तिला घेऊन पुण्याला गेलास, आणि परत आला नाहीस.

म्हणून आईनं दवाखान्यासमोरच्या बूथवरून तुला फोन लावला. 'त्यास्नी तवापासनंच आजार हुता, आता फिल्ममधी घावला.' तू फोनवर रडलास असं ती सांगते. वस्तीतही ते पसरलं. धोंडीरामकाका येऊन बाबांचा हात हातात घेऊन बसले. जो येईल त्याच्यासमोर आई मला आतून बोलावते, 'सांग की गं त्यो शबूद ह्यास्नी,' आणि मी सांगते. माझ्या विषयाला घरात एवढा मान कधी मिळाला नव्हता. मी डॉक्टरांना विचारलं होतं, डाग ताजा आहे, जुना मेंदूत कुठंच नाही. हे आईला सांगितलं तर म्हणाली, 'डाक्टर काय लगनाला आलता व्हय? गप बस.' मी गप्प बसले. काही वाटतच नव्हतं, त्यामुळं ते जड गेलं नाही.

शनिवारी तुझं पत्र आलं. मी बाबांना ते वाचून दाखवलं. तुम्ही आजारी होता आणि मी तुम्हाला कोत्या मनाचं म्हटलं, मला माफ करा, पुढच्या रविवारी येऊन पाया पडतो, असं तू लिहिलं होतंस. आई पदरानं डोळे पुसत होती. बाबांनी शेवटपर्यंत ऐकलं आणि म्हणाले, 'न्हाय.' मला वाटलं शब्द चुकला. ते पुन्हा म्हणाले, 'न्हाय. तवा डोकं चांगलं हुतं माझं.'

मग ते बराच वेळ बोलले. शब्द पुढंमागं होत होते, मी सरळ करून लिहिते. लग्नाआधी ते हंबीररावांना भेटायला गेले होते, आठवतं? परत येऊन म्हणाले होते की घरी कुणी भेटलं नाही. भेटले होते. हंबीरराव सोप्यात बसले होते, बाबांना अंगणात खुर्ची दिली. बोलणं गोडच झालं म्हणे, पाऊसपाणी, उसाचा दर. चहा आला. पिऊन झाल्यावर हंबीरराव शांतपणे म्हणाले, 'पावणं, गिलास तेवढा इसळून कट्ट्यावर पालता घाला.' बाबांनी विसळला. पालता घातला. नमस्कार करून गाडीला आले. घरी सांगितलं असतं तरी तू लग्न केलंच असतंस, पण तेजस्वीकडं बघताना तुला दर वेळी तो ग्लास दिसला असता, असं त्यांना वाटलं. म्हणून थाप मारली. मंडपात मात्र ते वाक्य तोंडाशी येऊन अडलं. 'दोन घरं एक झालीच न्हवती. मग म्हणू कसं?' पोरीवर राग नव्हता, हे त्यांनी दोनदा सांगितलं. 'पोरीला लेक म्हणा म्हटलं असतं तर म्हटलं असतं. त्ये कुणी इचारलंच न्हाय.'

आईचं म्हणणं, पोरगं येतंय तर येऊ दे, आता हे कशाला उकरायचं. ती चुकीचं बोलत नाही. मीही बाबांना तेच सांगितलं. आजार म्हटलं की कुणीच वाईट ठरत नाही, तुम्ही नाही, प्रसेन नाही, हंबीररावसुद्धा नाहीत. मनाली घरात खेळेल. बाबांनी ऐकून घेतलं. सकाळची वंदना ते अजून रोज म्हणतात. स्वतःहून सुरू केली की पंचशील अखंड येतं, कुणी पुढं म्हणायला लागलं की अडतं. ते मला म्हणाले, 'म्या एक खोटं बोललो. त्ये माझं हुतं. ह्ये दुसरं तुमी माझ्या नावावर बोलायलाय. नगो.' तेव्हा दीड महिन्यात पहिल्यांदा मला काहीतरी वाटलं. राग आला. आपण सगळे किती आनंदानं त्यांना आजारी करून बसलो होतो, याचा राग. तो घटकाभर टिकला, मग मी उठून भाजी निवडायला घेतली.

तर हे पत्र बाबांनी लिहायला लावलंय, आईला न सांगता. काय लिहू म्हणून विचारलं तर म्हणाले, 'त्यो माफी मागाय येतोय. मागू नगं म्हणावं. म्या शुद्धीवर हुतो, समजून-उमजून गप बसलो. ह्ये ठावं असून यायचं असलं तर ये. बायकूला घिऊन ये.' तेजस्वीला तिच्या वडलांच्या अंगणातलं सांगायचं की नाही, हे तू ठरव, मला काही सुचत नाही. रविवारी धोंडीरामकाकांना बोलावून ते वाक्य बाबांकडून पुन्हा म्हणवून घ्यायचा घाट आईनं घातलाय, तो मी मोडेन. तूही त्यांना काही म्हणायला लावू नकोस. त्यांना जे म्हणायचं असेल ते आता त्यांचं त्यांनाच सुचावं लागणार आहे, आणि कदाचित सुचणारही नाही. येणार नसशील तर मला कॉलेजात फोन कर, आईला मी सांगेन. येणार असशील तर कळवू नकोस, नुसता ये.

तुझीच,
आक्का